अवजार अस्सल की नक्कल?

अकोल्याहून एका बहिणीचं पत्र आलं आहे. मुलानं आयटीआयमधून मोटार मेकॅनिकचा कोर्स केला, दोन वर्षं गॅरेजमध्ये हात बसवला. आता स्वतःचं काम सुरू करायचं म्हणून तो इंजिन ट्यूनिंगचं यंत्र मागतो आहे. अस्सल यंत्राची किंमत त्यांच्या आवाक्याबाहेर. हुबेहूब दिसणारं दुसरं ऑनलाइन काही हजारांत मिळतं. "शिलाईतून साठवलेले पैसे आहेत, भाईजान. काय करू?" असं त्या विचारतात. अमरावती-अकोल्यात गॅरेजवर रोजी कमावणारी आपली मुलं पुष्कळ आहेत, म्हणून उत्तर इथेच देतो.

आपा, आधी हे यंत्र काय करतं ते पाहू. आजच्या गाडीत इंधन किती आणि केव्हा सोडायचं हे ईसीयू नावाचा छोटा संगणक ठरवतो. स्टेअरिंगच्या खाली १६ पिनांचं सॉकेट असतं, तिथे यंत्र जोडतात. काही यंत्रं फक्त वाचतात, म्हणजे बिघाडाचा कोड दाखवतात. काही लिहितात, म्हणजे ईसीयूमधली माहिती पुसून नवी भरतात.

वाचणाऱ्या यंत्रांत ईएलएम ३२७ या चिपच्या नकला सगळीकडे दिसतात. मूळ चिप कॅनडाच्या एल्म इलेक्ट्रॉनिक्सची. तिच्या पहिल्या आवृत्तीला नक्कल रोखणारं कुलूप नव्हतं, म्हणून नकलांचा पूर आला. अनेक नकलांवर 'आवृत्ती १.५' असते, मूळ कंपनीनं ती आवृत्ती कधी काढलीच नाही. २०२२ मध्ये ती कंपनीही बंद झाली. अशी नक्कल कधी चुकीचं वाचते, कधी गाडीशी बोलतच नाही. तिच्या भरवशावर ग्राहकाला महागडा सेन्सर बदलायला लावला, तर नुकसान त्याचं आणि बदनामी मुलाची.

लिहिणाऱ्या यंत्राची नक्कल मात्र खरी धोक्याची. इटलीच्या एलियनटेक कंपनीच्या केस यंत्राच्या नकला जगभर विकल्या जातात. त्यांच्यासोबत बहुतेकदा सूचना असते: इंटरनेट जोडू नका. कारण उघड आहे. कंपनीच्या सर्व्हरनं नक्कल ओळखली की यंत्र बंद पडतं. म्हणजे अपडेट नाही, आणि एप्रिल २०२० नंतरच्या बीएस-६ गाड्यांत त्याचा भरवसा नाही. लिहिताना मध्येच संपर्क तुटला किंवा पडताळणीचा आकडा, ज्याला चेकसम म्हणतात, चुकला तर गाडी जागची हलत नाही. मग नव्या ईसीयूचा खर्च वाचवलेल्या पैशांपेक्षा जास्त होतो.

गॅरेजमध्ये आलेली गाडी ही अमानत असते. तिच्यावर कुणाचं तरी घर चालत असतं. धान्याच्या ढिगात हात घातल्यावर आत ओल लागली, तेव्हा प्रेषित मुहम्मद (स.) यांनी व्यापाऱ्याला विचारलं होतं की ओला माल वर का ठेवला नाहीस? नकली यंत्रानं काम करणाऱ्यानं ग्राहकाला तसं सांगितलं, तर किती ग्राहक गाडी देतील?

खरेदीपूर्वी मुलानं एवढं तपासावं:

• विक्रेता कंपनीचा अधिकृत आहे का, हे कंपनीलाच विचारावं.
• जीएसटीचं पक्कं बिल घ्यावं. सिरियल नंबर आपल्या नावावर नोंदवून मिळतो का, ते पाहावं.
• आपल्याकडे येणाऱ्या गाड्यांची यादी दाखवून कोणत्या चालतील ते लेखी घ्यावं.
• 'इंटरनेट जोडू नका' असं कुणी म्हटलं, तर तिथूनच परत फिरावं.

यंत्र अस्सल असलं तरी मूळ फाइल आधी जपून ठेवावी आणि लिहिताना बॅटरीला स्थिर पुरवठा द्यावा. व्होल्टेज पडलं तर अस्सल यंत्रही वाचवू शकत नाही. गाडीची धूर गाळणारी यंत्रणा बंद करून देण्याचं काम मात्र कुणी कितीही पैसे दिले तरी घेऊ नये. ते कायद्यात बसत नाही.

आपा, माझा सल्ला असा. आज फक्त वाचणारा चांगला स्कॅनर, बिलासकट घेऊन द्या. रोजचं बहुतेक काम त्यावरच चालतं. लिहिण्याचं काम आलं तर अस्सल यंत्र असलेल्याकडून करून घ्यावं आणि शिकत राहावं. पुढे हात मोकळा झाला की 'स्लेव्ह' प्रकारचं यंत्र पाहावं. ते 'मास्टर'पेक्षा स्वस्त असतं, फाइल मास्टरवाला तयार करून देतो. दुकान उशिरा मोठं झालं तरी चालेल. गिऱ्हाईक दुसऱ्यांदा आलं पाहिजे, बरकत त्यातच आहे.