बातम्या देणारे भिडे

आमच्या वर्तकनगरात जुन्या मंडळींचे वाद मिटवण्याची एक ठरलेली रीत होती. पाऊस किती पडला, रॉकेलचा भाव खरोखरच वाढला की ती नुसतीच आवई, बोर्डाची परीक्षा पुढे गेली की नाही, अशा गोष्टींवरून जिन्यात आवाज चढू लागले की कोणीतरी म्हणे, ‘‘अहो, काल भिड्यांनी सांगितलं!’’ आणि वाद तिथेच मिटे. हे भिडे आमच्या हाउसिंग बोर्डाच्या इमारतीतले कोणी नव्हते. पलीकडच्या पोलीस वसाहतीतलेही नव्हते. ते मुंबई दूरदर्शनचे वृत्तनिवेदक प्रदीप भिडे. बोलणाऱ्यांपैकी कोणीही त्यांना प्रत्यक्ष पाहिलेले नव्हते. पण ‘दूरदर्शनने सांगितले’ असे कोणी म्हणत नसे, ‘भिड्यांनी सांगितले’ असे म्हणत. आज या सदरात लिहायचे आहे ते या फरकाविषयी.

मुंबई दूरदर्शन 2 ऑक्टोबर 1972 रोजी सुरू झाले. दिल्लीत दूरचित्रवाणी 1959 सालीच आली होती. मुंबईला तेरा वर्षे थांबावे लागले. वरळीच्या केंद्रावरून मराठी बातम्या सुरू झाल्या तेव्हा तिथे जी मंडळी बसली, त्यांची नावे आज वाचली तर एखाद्या नाट्यसंमेलनाची पत्रिका वाटावी. भक्ती बर्वे होत्या. स्मिता पाटील होत्या, आणि त्या जीन्सवरच साडी गुंडाळून कॅमेऱ्यापुढे बसत, ही गोष्ट तर आता दंतकथेसारखी सांगितली जाते. टेबलाच्या वर जेवढे दिसे तेवढे महाराष्ट्राला पुरेसे होते! श्याम बेनेगलांनी स्मिताबाईंना प्रथम पाहिले तेही याच पडद्यावर. त्या चित्रपटांकडे गेल्या, भक्तीबाई रंगभूमीच्या होत्या त्या रंगभूमीच्याच राहिल्या. पुढे चारुशीला पटवर्धन, ज्योत्स्ना किरपेकर, वासंती वर्तक असे किती तरी चेहरे आले आणि घरचे झाले.

आणि अनंत भावे होते. मी मराठीचा मास्तर असल्यामुळे असेल, पण यांच्याविषयी मला विशेष आपलेपणा आहे. भावे मराठीचे प्राध्यापक, मुलांसाठी उत्तम कविता आणि गोष्टी लिहिणारे लेखक. दिवसा वर्गात मराठी शिकवायची आणि संध्याकाळी सबंध महाराष्ट्रासमोर ती बोलून दाखवायची, असा दुहेरी संसार त्यांनी केला. आमच्या पेशातल्या कोणालाही इतका मोठा वर्ग मिळाला नसेल, आणि तोही हजेरी न घेता! 2024 साली ते गेले. त्यांच्या पत्नी पुष्पाबाई भावे म्हणजे सत्तेवर कोणीही असो, त्याला परखड प्रश्न विचारणाऱ्या बाई. एकाच घरातून एक माणूस सरकारी केंद्रावर बातम्या वाचायला निघतो आहे आणि दुसरे त्याच सरकारविरुद्धच्या सभेला, हे चित्र डोळ्यांपुढे आणले की मला मोठी मौज वाटते. त्या वेळच्या मुंबईत हे चालून जाई.

प्रदीप भिडे आले ते पुण्याच्या रानडे इन्स्टिट्यूटमधून वृत्तपत्रविद्या शिकून. मुळात ते विज्ञानाचे पदवीधर. सत्तरच्या दशकात त्यांनी वरळीच्या त्या खुर्चीत बसायला सुरुवात केली आणि नव्या शतकाचे दुसरे दशक उजाडले तरी ते बातम्या देतच होते. चाळीस वर्षांच्या आसपासची ही कारकीर्द. काळ्यापांढऱ्या पडद्याचा 1982 नंतर रंगीत पडदा झाला, एका केंद्राच्या शंभर वाहिन्या झाल्या, मुंबई केंद्राच्या वाहिनीला ‘सह्याद्री’ हे नाव मिळाले, मुख्यमंत्री किती आले आणि गेले. भिड्यांचा आवाज तेवढा तसाच. जोडीला माहितीपटांना आणि असंख्य जाहिरातींना त्यांनी आवाज दिला, सरकारी सोहळ्यांचे निवेदन केले. पण आमच्या इमारतीच्या लेखी ते सगळे फुटकळ. भिड्यांचे खरे काम म्हणजे संध्याकाळी बातम्या देणे.

आता या कामात कठीण असे काय आहे, असे कोणी विचारील. समोर कागद आहे, तो वाचायचा. तर वाचकहो, एकदा हातात वर्तमानपत्र घ्या आणि घरातल्या माणसांना पाच मिनिटे मोठ्याने वाचून दाखवा. ‘जपानचे जहाज’ एवढे दोनच शब्द घ्या. यात तीन ‘ज’ आहेत. पहिला जिभेच्या एका जागेवरून निघतो आणि उरलेले दोन दुसऱ्या. लिहिताना सगळे सारखे! हा फरक लिपी सांगत नाही, व्याकरणाचे पुस्तक सांगते पण ऐकवत नाही. मग मराठीचे आकडे. शंभरपर्यंतचा प्रत्येक आकडा आपल्याकडे स्वतंत्र नाव घेऊन जन्माला आला आहे, आणि एकोणऐंशी व एकोणनव्वद यांत जीभ घसरली तर दहा माणसे उगीचच मरतात. त्यात परदेशची मंडळी. संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस तेव्हा पेरेझ द कुएयार होते. हे नाव गडहिंग्लजच्या पाठोपाठ आले तरी दोहोंना सारखाच मान द्यायचा. सुरुवातीच्या काळात समोर काचेवर ओळी सरकण्याची सोय नव्हती. कागद हातात, नजर खाली, वाक्याचा शेवट डोळ्यांत साठवून मान वर, आणि पुन्हा खाली येताना ओळ चुकायची नाही. तेवढ्यात ऐन वेळी नवा कागद पुढे सरकवला जायचा तो वेगळाच. आधी वाचून पाहायला सवड नाही.

भिडे हे सगळे असे करीत की ते काही करीत आहेत असे वाटूच नये. आवाज खर्जातला, धीरगंभीर, पण त्यात सभेचा आव नाही. वाक्य जिथे संपते तिथेच ते संपवीत. साधी वाटणारी गोष्ट आहे ही. आजकाल वाक्य संपले हे ऐकणाऱ्याला कळतच नाही, शेवटचा शब्द पुढच्या वाक्याच्या गळ्यात पडलेला असतो. अपघाताची बातमी ते रडवेली करीत नसत आणि क्रिकेटच्या विजयाची नाचरी करीत नसत. माझी आजी चौथीपर्यंत शिकलेली. ती म्हणायची, ‘‘हा मुलगा आपल्याला घाबरवत नाही रे.’’ भाषाशास्त्राची बरीच पुस्तके वाचूनही मला याहून नेमके वर्णन साधलेले नाही.

भाषेचे म्हणाल तर या मंडळींचे उपकार कोणी मोजलेले नाहीत. आमच्या इमारतीत कोकणातले, देशावरचे, खानदेशातले, एखादे कानडी घर, अशी सगळी सरमिसळ. कामाला बरेचसे जवळच्या रेमंडच्या गिरणीत किंवा पोखरण रस्त्यावरच्या कारखान्यांत. घरी प्रत्येकाची बोली निराळी, आणि ती तशीच असावी. पण ‘अधिवेशन’, ‘शिष्टमंडळ’, ‘अध्यादेश’ हे शब्द कसे उच्चारायचे ते सगळ्यांनी एकाच ठिकाणी ऐकले. ‘व्यत्यय’ हा जोडाक्षरांनी गजबजलेला शब्द महाराष्ट्राच्या पोराबाळांना पाठ झाला तो दूरदर्शनमुळे. केंद्राने व्यत्ययच इतके आणले, की शब्द पाठ न होऊन सांगतो कुणाला!

इथवर सगळे गोड झाले. आता जरा कडू.

ज्या बातम्या भिडे, भावे आणि इतर मंडळी वाचीत, त्या सरकारच्या केंद्राच्या बातम्या होत्या. 1976 पर्यंत दूरचित्रवाणी हा आकाशवाणीचाच भाग होता, नंतर ते स्वतंत्र खाते झाले. प्रसार भारती महामंडळ अस्तित्वात यायला नोव्हेंबर 1997 उजाडला. जून 1975 मध्ये आणीबाणी आली तेव्हा देशात कोण तुरुंगात गेले हे या पडद्यावरून कळत नव्हते. 31 ऑक्टोबर 1984 ला सकाळी साडेनऊच्या आत दिल्लीत इंदिरा गांधींवर गोळ्या झाडल्या गेल्या. बीबीसीवरून बातमी जगभर झाली, आणि दिल्ली दूरदर्शनवर सलमा सुलतान यांनी ती सांगितली तेव्हा संध्याकाळ झाली होती. निवेदिकेचा यात दोष काही नाही. हातात कागदच आला नाही तर ती वाचणार काय?

पण प्रश्न उरतोच. कागद दुसऱ्याने लिहिलेला, काय सांगायचे आणि काय गाळायचे हे तिसऱ्याच कोणी ठरवलेले, आणि आपण विश्वास ठेवीत होतो तो वाचणाऱ्यावर. हा विश्वास भाबडा नव्हता का? माझ्या एका सहकारी मित्राचे म्हणणे असे, की भारदस्त आवाज ही सत्तेच्या दृष्टीने फार सोयीची वस्तू आहे. खोट्याला तो खऱ्याचे कपडे घालतो. या म्हणण्यात तथ्य आहे, ते मी नाकारीत नाही.

अमेरिकेत वॉल्टर क्रॉन्काइट नावाचे गृहस्थ होऊन गेले. 1962 ते 1981 अशी एकोणीस वर्षे सीबीएसच्या संध्याकाळच्या बातम्या त्यांच्याकडे होत्या. 22 नोव्हेंबर 1963 ला अध्यक्ष केनेडींच्या मृत्यूची बातमी देताना त्यांनी चष्मा काढला, भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिले, वेळ सांगितली आणि क्षणभर त्यांचा घसा दाटून आला; एवढेच. पण क्रॉन्काइट नुसते वाचक नव्हते, त्या बातम्यांचे संपादकही तेच होते. म्हणूनच 1968 साली व्हिएतनामहून परतल्यावर हे युद्ध कोंडीत सापडले आहे असे ते स्वतःच्या तोंडाने सांगू शकले. इकडे फिनलंडमध्ये अर्वी लिंड यांनी 1965 पासून 2003 पर्यंत तिथल्या सार्वजनिक प्रसारण संस्थेवर बातम्या दिल्या, आणि त्या छोट्या देशात तटस्थपणा म्हटला की लोकांना त्यांचाच चेहरा आठवे. लिंड यांची अडतीस वर्षे ऐकली की मला आपले भिडेच दिसतात. हेलसिंकीच्या बर्फात शाल गुंडाळून बसलेली एखादी आजीही हेच म्हणत असेल, की हा मुलगा घाबरवत नाही.

भिड्यांना क्रॉन्काइटचा अधिकार कधीच नव्हता. आपल्या मताचे एक अक्षरही त्या कागदात घालायची त्यांना मुभा नव्हती. मग आमच्या जिन्यातले लोक त्यांचा शब्द शेवटचा का मानीत? पुष्कळ विचार केल्यावर मला असे वाटते, की लोक दिसतात तितके भोळे नव्हते. मंत्र्याने पुलाचे उद्घाटन केले ही बातमी लागली की आमचे खालचे काका खुशाल उठून पाणी भरायला जात. पूल होईल की नाही ते त्यांना ठाऊक असे. पण धरणातून किती पाणी सोडले, गाड्या कुठवर चालू आहेत, वादळ कोणत्या किनाऱ्याकडे वळले, हे लागले की तेच काका ‘‘गप्प बसा रे’’ म्हणून ओरडत. सरकारचे कौतुक कोणते आणि आपल्या कामाची बातमी कोणती हे त्यांना बरोबर वेगळे करता येई. आणि ते वेगळे करता येई, कारण वाचणारा माणूस दोन्ही एकाच सुरात वाची. पुलाच्या बातमीत त्याने जीव ओतला नाही, म्हणून वादळाच्या बातमीवर विश्वास बसला. ज्याचा आवाज कौतुकाला फुलतो त्याच्या आकड्यांवर कोण भरवसा ठेवील?

30 सप्टेंबर 1993 ची पहाट आठवा. आदल्याच दिवशी गणपती विसर्जन झालेले, आणि चारच्या सुमाराला किल्लारीची जमीन हादरली. आमच्या इमारतीत लातूरकडचे एक कुटुंब होते. पुढचे काही दिवस संध्याकाळी त्यांच्या बिऱ्हाडात दाटी होई. किल्लारी, सास्तूर अशी नावे एकामागून एक येत, मृतांचा आकडा रोज वाढे, शेवटी तो हजारांत गेला. त्या घरातल्या वहिनी दाराशी उभ्या राहून ऐकत, बसत नसत. गावाचे नाव एकदाच आणि स्वच्छ उच्चारले जाणे म्हणजे काय असते, ते मी त्या दिवसांत पाहिले. मागे वाद्ये नव्हती, लाल अक्षरे धावत नव्हती. बातमी संपली की वहिनी आत जाऊन कुकर लावीत.

2007 साली मराठीत चोवीस तास बातम्या देणाऱ्या वाहिन्या सुरू झाल्या. त्यांना नावे ठेवण्याची फॅशन आहे, ती मला फारशी पटत नाही. जी प्रकरणे दूरदर्शनने कधी उच्चारली नसती ती या वाहिन्यांनी चव्हाट्यावर आणली, आणि तिथली पुष्कळ तरुण पोरे पुरात कंबरभर पाण्यात उभी राहून बातमी देतात. माझी तक्रार एवढीच, की सकाळपासून प्रत्येक बातमी सर्वांत मोठी असते. माझ्या वर्गातल्या मुलांनाही वाचन म्हणजे हेच वाटू लागले आहे. उतारा वाचायला दिला की पहिल्या ओळीपासून मुलगा असा सुटतो, जणू मागे आग लागली आहे.

प्रदीप भिडे 7 जून 2022 रोजी मुंबईत गेले. तोवर आमच्या जुन्या इमारतींच्या जागी उंच मनोरे उठू लागले होते. रेमंडची गिरणी तर 2009 सालीच बंद पडली. जिन्यातले वाद आता उद्वाहकात होतात, म्हणजे होतच नाहीत. सगळे मोबाइलमध्ये पाहात उभे असतात. तरी त्या संध्याकाळी खालच्या बाकावर तीन-चार म्हातारी माणसे बसली होती. त्यांतल्या एकाने मला हाक मारून विचारले, ‘‘काय हो सर, भिडे गेले म्हणतात, खरं का?’’ मी हो म्हटले. त्यांनी मान हलवली, आणि शेजारच्या गृहस्थांकडे वळून म्हणाले, ‘‘पण सांगितलं कुणी?’’