संदुकीतला हिबानामा

उर्दू शिकवणाऱ्या माणसाकडे लोक कागद घेऊन येतात. मराठवाड्यात तर जास्तच. निजामाच्या राजवटीत महसुलाचं, कोर्टाचं कामकाज उर्दूत होतं, घरातले मोठे पुढेही उर्दूतच लिहीत राहिले, आणि आता नातवंडांना ते वाचता येत नाही.

मागच्या वर्षी ओळखीतल्या एक खाला आल्या. नवरा वारलेला, राहत्या घरात हिस्सा मागत दिराने दावा लावलेला. संदुकीच्या तळाशी त्यांना हिबानामा सापडला होता. सासऱ्यांनी मुलाला घर दिल्याचा, साध्या कागदावर, दोन साक्षीदारांच्या सह्यांचा. मी मराठी करून दिलं आणि विचारलं, "कोर्टात दिलाय का?" "नाही बेटा, आत्ताच सापडला." कैफियतीत हिब्याचा उल्लेख होता, कागद जोडलेला नव्हता. इकडे दिराचा उलटतपास सुरू झालेला.

हिबानामा रजिस्टर नाही म्हणून लोक घाबरतात. ती भीती निराधार आहे. मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम १२९ मुस्लिम कायद्यातल्या हिब्याला नोंदणीच्या सक्तीतून वगळतं. देणाऱ्याने जाहीर करणं, घेणाऱ्याने स्वीकारणं आणि ताबा, हे तीन असले की झालं. अडचण वेगळीच होती, उशिराची.

दिवाणी प्रक्रिया संहिता सांगते की वादीने दाव्यासोबत आणि प्रतिवादीने कैफियतीसोबत आपले कागद द्यावेत. राहिले तर कोर्टाची परवानगी लागते (आदेश ७ नियम १४, आदेश ८ नियम १-अ). समोरच्या साक्षीदाराला उलटतपासात दाखवायचा कागद मात्र यातून सुटतो. साक्षीदारच नव्हे, खुद्द पक्षकारालाही तो दाखवता येतो, असं सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२३ मध्ये, मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठातून गेलेल्या प्रकरणात सांगितलं. पण दीर सही नाकारणार हे उघड होतं. मग कागद शाबित करणं आलं, आणि परवानगीचा अर्जही.

विरुद्ध वकिलांचा सवाल एकच: इतकी वर्षं कुठे होता हा कागद? सवाल चुकीचा नाही. ऐनवेळी कागद काढून समोरच्याला गाठणारे आहेत, आणि हातात असलेला कागद डाव म्हणून दडवणाऱ्याला कोर्टाने दारातूनच परत पाठवावं, असं मलाही वाटतं. पण उशीर झाला का, एवढंच विचारून भागत नाही. संदुकीची किल्ली कोणाकडे होती, हेही विचारायला हवं. आपल्या घरांत कागद पुरुषांकडे असतात. बाईला ते नवरा गेल्यावर दिसतात, तेही कोणी दाखवले तर. बहिणींचं तर विचारूच नका, हिस्सा कुरआनने दिला तरी उताऱ्याची नक्कल भावाच्या कपाटात. अशा बाईला 'वेळेत का दिला नाही' म्हणणं म्हणजे ज्याने कागद अडवला त्यालाच बक्षीस देणं आहे. प्रतिवादीच्या अशाच अर्जावर सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये उदार धोरण ठेवायला सांगितलं, ते मला म्हणूनच पटतं. समोरच्याला झालेला त्रास खर्च देऊन भरून निघतो. न वाचलेला कागद अपिलात सहसा भरून निघत नाही.

दोष आपलाही आहे. सूरह बकराची २८२ वी आयत, कुरआनमधली सगळ्यात मोठी, उधारीचा व्यवहार लिहून ठेवा, साक्षीदार ठेवा, असं सांगते. ती आपण तिलावतीत सुरेख पढतो. लिहिण्याची वेळ आली की म्हणतो, सख्ख्या भावाकडून काय लिहून घ्यायचं! आणि लिहिलंच तर संदुकीत, झेरॉक्ससुद्धा नाही.

खालांचा अर्ज मंजूर झाला, दिराला खर्च देण्याच्या अटीवर. कागद दाखल झाला म्हणजे शाबित झाला असं नाही. तीस वर्षांहून जुना, योग्य ताब्यातून आलेला कागद असला तर सह्यांबाबत गृहीतक करता येतं, पण करायचं की नाही ते कोर्टाच्या हाती. दोन साक्षीदारांपैकी एक चाचा हयात आहेत, पंच्याऐंशीच्या पुढचे, ऐकायला कमी येतं. त्यांच्या साक्षीची तारीख पुढच्या महिन्यात आहे.