गद्यकाराच्या आड दडवलेला चित्रपटकार

अरुण खोपकर यांच्या ‘चलत्-चित्रव्यूह’ला २०१५ साली साहित्य अकादेमीचा पुरस्कार मिळाला. मराठी समीक्षेने त्यांना गद्यकार म्हणून स्वीकारले. हा स्वीकार वस्तुतः टाळाटाळच होय. ‘फिगर्स ऑफ थॉट’ (१९९०) मध्ये भूपेन खख्खर, नलिनी मलानी व विवान सुंदरम यांच्या चित्रांशी कॅमेरा जो संवाद करतो, त्याचा सारांश सांगता येत नाही. आशयसूत्र शोधणारी समीक्षा तेथे मुकी होते. ‘कथा दोन गणपतरावांची’ (१९९६) हा चित्रपट गोगोलच्या कथेवर आधारलेला. म्हणून चर्चा मूळ कथेशी असलेल्या इमानापाशी थांबते, जणू चौकट, लय आणि ध्वनी ही कथेची वेष्टनेच! खुद्द खोपकरांनी ‘गुरुदत्त : तीन अंकी शोकांतिका’ या ग्रंथात प्रकाशयोजनेतून आणि दृश्यरचनेतून शोकात्मतेची संरचना उलगडून दाखवली होती. त्या ग्रंथाचा गौरव करायचा आणि त्याची रीत त्याच्या कर्त्याच्याच चित्रपटांना लावायची नाही, हा कोणता न्याय? अशा चित्रपटांवर दुर्बोधतेचा शिक्का मारण्यापूर्वी मराठी विभागांनी निदान ते पाहावेत. दृश्याची परिभाषा घडवण्याची जबाबदारी त्यानंतर टाळता येणार नाही.