मागचं दार उघडलं कुणी?

कायम होण्यासाठी रोजंदारी कामगार न्यायालयात गेले की सरकारी खात्याचं उत्तर ठरलेलं: हे मागच्या दाराने आले. कोण आले हो? झाडूवाली, माळी, पंपावरचा माणूस. खात्याच्याच साहेबाने त्यांना बोलावलं, खात्याच्याच मस्टरवर त्यांची हजेरी लागली. मग दार उघडलं कुणी? किल्ली काय झाडूवालीच्या कनवटीला होती?

खात्याचं ब्रह्मास्त्र म्हणजे उमादेवी निकाल. १० एप्रिल २००६, सर्वोच्च न्यायालयाचं पाच न्यायमूर्तींचं घटनापीठ. सरकारी नोकरीत समान संधी हवी, रीतसर निवड हवी. नुसती वर्षं भरली म्हणून कुणी कायम होत नाही. मान्य! पण याच निकालाचा त्रेपन्नावा परिच्छेद साहेबांच्या नजरेतून नेमका निसटतो. मंजूर पदावर, पात्रता असताना, न्यायालयीन आदेशाच्या आधाराविना ज्यांनी दहा वर्षं काढली, त्यांना एकवार कायम करा, आणि ते काम सहा महिन्यांत सुरू करा, असं तिथे लिहिलं आहे. रिकामी मंजूर पदं नियमित भरतीने भरा, हेही तिथेच आहे. सोयीचं तेवढं पाठ करायचं, अंगावर येणारं गिळायचं, ही लबाडी आहे.

खात्याची रीत बघा. पद रिकामं ठेवायचं. जाहिरात काढायची नाही. माणूस रोजावर घ्यायचा, सलग सेवेला लागणारे २४० दिवस भरत आले की खंड द्यायचा आणि पुन्हा त्याच कामावर बोलवायचं. मग न्यायालयात सांगायचं, सेवा सलग नाही! महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्यानुसार कायमपणाचे हक्क नाकारण्यासाठी माणसाला वर्षानुवर्षं हंगामी ठेवणं ही अनुचित कामगार प्रथा आहे. कारखानदाराने केलं तर गुन्हा आणि साहेबाने केलं तर प्रशासन?

एसटी महामंडळ आगारातल्या सफाई कामगारांविरुद्ध थेट सर्वोच्च न्यायालयात गेलं. २००९ मध्ये उत्तर मिळालं: उमादेवी निकालाने औद्योगिक न्यायालयांचे अधिकार संपलेले नाहीत, अनुचित प्रथा सिद्ध झाली आणि पदं असली, तर कायम करता येतं.

मुंबई महापालिकेने तर कचरा उचलणाऱ्यांना कामगारच मानलं नाही. ते म्हणे स्वयंसेवक, आणि त्यांची मजुरी म्हणजे मानधन! पहाटे उठून अख्ख्या शहराची घाण उपसणारा माणूस काय हौसेखातर येतो? कचरा वाहतूक श्रमिक संघ लढला आणि ७ एप्रिल २०१७ रोजी २,७०० कामगारांचा हक्क सर्वोच्च न्यायालयाने मान्य केला. केंद्राचंही तेच. केंद्रीय जल आयोगाने वर्षानुवर्षं राबवलेल्या सफाई कामगारांना आणि माळ्याला काढून टाकलं. डिसेंबर २०२४ मध्ये न्यायालयाने त्यांना परत घ्यायला लावलं, आणि उमादेवी निकालाचा कामगारांविरुद्ध शस्त्रासारखा वापर होतो, हेही सुनावलं.

आता एमपीएससीचा अभ्यास करणाऱ्या पोरांना पुढे करू नका. झाडूवाली कायम झाली म्हणून त्यांची संधी हुकत नाही. तुम्ही जाहिरात काढत नाही म्हणून हुकते. खुल्या स्पर्धेचा एवढा पुळका होता, तर ६ सप्टेंबर २०२३ चा शासन निर्णय काढून नऊ खासगी कंपन्यांच्या हाती कंत्राटी भरती कशी दिलीत? तरुण खवळले, तेव्हा पुढच्याच महिन्यात तो मागे घ्यावा लागला.

आणि वाचकहो, या खटल्यांतली सरकारी वकिलांची फी तुमच्या-आमच्या करातून जाते. कामगार मात्र रोज बुडवून तारखेला येतो. म्हणून मागणी सरळ आहे: मंजूर पदं जाहिरात देऊन भरा, आणि ज्यांना उमेदीची वर्षं राबवलं त्यांना कायम करा. दहा वर्षं रोज लागणारं काम तात्पुरतं नसतं. एवढं ज्या खात्याला कबूल करवत नाही, त्याने झाडूवालीला राज्यघटना शिकवू नये.