कर्जमाफी आणि न्यायालयाचे दार

वर्धा जिल्ह्यातील कोरडवाहू शेतकऱ्याच्या हाती पैसा बहुधा वर्षातून एकदाच येतो; दिवाळीच्या सुमारास कापूस हिंगणघाटच्या बाजारात पोचतो तेव्हा. बँकेचे व्याज मात्र बोंडे फुटण्याची वाट पाहत नाही. या विसंगतीची दखल सर्वोच्च न्यायालयाने 1994 साली कॉर्पोरेशन बँक विरुद्ध गौडा या खटल्यात घेतली. रिझर्व्ह बँकेचे निर्देश डावलून शेतीकर्जावर तिमाही चक्रवाढ व्याज आकारता येणार नाही, असा तो निर्णय होता. किती कर्जदारांनी त्याच्या आधारे आपला खातेउतारा तपासून पाहिला असेल?

याहून पुढे जाऊन व्याजाचा दरच अवाजवी आहे, असे मात्र न्यायालयात म्हणण्याची सोय उरलेली नाही. बँकिंग नियमन कायद्यात 1984 पासून लागू झालेल्या कलम 21-अ ने ते दार बंद केले. सावकाराला मुद्दलाहून अधिक व्याज घेता येत नाही, हे दामदुपटीचे जुने तत्त्व महाराष्ट्राच्या 2014 च्या सावकारी कायद्यातही आहे. बँकेचे कर्ज त्या कायद्याच्या कक्षेबाहेर! पाटी बदलली म्हणून व्याजाचे ओझे हलके होते, अशी कायद्याची समजूत दिसते.

तथापि 2018 साली जयंत वर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने एक महत्त्वाची वाट मोकळी केली. शेतकऱ्यांचे ऋणनिवारण हा राज्याचा विषय आहे. बँकांच्या कर्जालाही लागू होणारा तसा कायदा ज्या राज्यात असेल, तेथे 21-अ ची आडकाठी चालणार नाही. वर्ध्याला ही कल्पना अनोळखी नाही. हा जिल्हा मध्यप्रांतात असताना 1933 साली तेथे ऋण-समझोत्याचा कायदा झाला होता. धनको आणि ऋणको यांना समोरासमोर बसवून देणे ठरविणारी व हप्ते बांधून देणारी मंडळे त्यातून निर्माण झाली.

अशाने बँका बुडतील, हा आक्षेप हसण्यावारी नेण्याजोगा नाही. वर्धा जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँक डबघाईस आली तेव्हा ठेवीदारांचे झालेले हाल लोक विसरलेले नाहीत. परंतु न्यायालय प्रत्येक खाते स्वतंत्रपणे पाहते. ऐपत असून पैसे न भरणारा तेथे उघडा पडतो. सरसकट माफीत तो सुखरूप सुटतो आणि पोटाला चिमटा घेऊन हप्ते फेडणारा मूर्ख ठरतो. 2017 ची माफी दीड लाखापर्यंत, 2019 ची दोन लाखांपर्यंत. दोन्ही शासननिर्णयांनी दिलेल्या. ठरलेल्या तारखेच्या अलीकडे-पलीकडे ज्याचे कर्ज पडले, त्याला दाद मागायला हक्काचा आधारच नव्हता, कारण शासनाच्या कृपेवर दावा लावता येत नाही.

विधिमंडळाचे हिवाळी अधिवेशन वर्ध्यापासून दोन तासांच्या अंतरावर नागपुरात भरते. तेथे माफीची रक्कम आणि तारीख यांवर दिवसच्या दिवस खल होतो. राज्याला ऋणनिवारणाचा कायदा करण्याचा अधिकार आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2018 सालीच सांगून ठेवले आहे.