आवलीला शब्द कोणी दिले?

मैत्रिणींनो, गेल्या आषाढी एकादशीला हिवरखेडात आमच्या घरी आम्ही सात-आठ जणींनी मिळून ‘संत तुकाराम’ पाहिला. तोच जुना, प्रभातचा, 1936 सालचा. आजारी लेकराला ओढत, हातात वहाण घेऊन आवली देवळात विठोबाला जाब विचारायला निघते ना, तिथे शेजारच्या मावशी एकदम पुढे सरकून बसल्या. म्हणाल्या, “माय वो! हे त आपल्याच घरची बाई हाय. कोन्या बाईनं लिहिलं असन वो हे?”

मला सांगता येईना. दामले आणि फत्तेलाल हे दिग्दर्शक, एवढं माहीत होतं. तुकाराम झालेले विष्णुपंत पागनीस तर सगळ्यांच्याच ओळखीचे. पण लिहिलं कोणी? सुरुवातीला नावं येतात तेव्हा आपण चहा टाकायला उठलेल्या असतो!

मग शोधलं. लेखक शिवराम वाशीकर. ‘गोपाळ कृष्ण’, ‘संत ज्ञानेश्वर’, ‘रामशास्त्री’ हे प्रभातचे चित्रपटही त्यांच्याच लेखणीतले. ‘संत तुकाराम’ मुंबईत वर्षाहून जास्त चालला, 1937 साली पार इटलीत, व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. आणि वाशीकरांचं नाव आपल्यापैकी किती जणींनी ऐकलंय? त्यातलं बीज-अंकुराचं गाणं शांताराम आठवल्यांनी लिहिलं, तर ते लोक तुकोबांचाच अभंग समजून म्हणतात. लिहिणारा असा विरघळून जातो.

मी लहानपणापासून कीर्तनात ऐकली ती आवली कजाग. संताच्या पायातली बेडी. बुवा तिची नक्कल करायचे आणि आम्ही हसायचो, बायकासुद्धा! वाशीकरांनी तिचं तोंड बंद केलं नाही, उलट तिला बोलायला कारण दिलं. घरात दाणा नाही, लेकरं भुकेली, नवरा हाती आलेलं वाटून मोकळा. मग ती ओरडणार नाही तर काय करणार? आणि एवढं बोलूनही तिची माया कुठे लपत नाही. गौरी नावाच्या नटीने हे काम असं केलंय की ती नटी वाटतच नाही.

खरं सांगू, त्यातले चमत्कार मला आता फार पटत नाहीत. गरुड खाली उतरतो तेव्हा पोरं तर हसलीच. पण वैकुंठाला चल म्हटलं तरी आवली लेकरांना, संसाराला सोडून जात नाही, तिथे मात्र खोलीत कोणी बोललं नाही.

दुसऱ्या दिवशी मावशी ताक न्यायला आल्या तेव्हा मी म्हटलं, “मावशी, लिहिणारी बाई नव्हती, पुरुष होता.”

मावशी जराशा थांबल्या. “असं काय? मंग त्याईच्या घरची बाई खमकी असन.”