गाडी सुटली म्हणजे गुन्हा सुटला असं नव्हे



नवापूरच्या पुढे गुजरातची हद्द लागली की दारूबंदी सुरू होते, हे आपल्याला माहीत आहे. पण आपली पिकअप भाजी घेऊन सुरतला निघते तेव्हा हे किती जणांच्या लक्षात असतं? क्रेटखाली ड्रायव्हरने दारूची चार खोकी ठेवली आणि तपासणीत सापडली, की माल जप्त, ड्रायव्हर अटकेत आणि गाडी पोलीस ठाण्याच्या आवारात. मालक घरी असतो, पण बँकेचा हप्ता थांबत नाही.

माझ्या ओळखीच्या एका शेतकऱ्याची गाडी ऐन मिरची तोडणीत अशीच अडकली. त्याने मला विचारलं, "साहेब, गाडी आता सरकारजमा झाली का?"

नाही. जप्ती वेगळी, सरकारजमा होणं वेगळं. पोलीस गाडी जप्त करतात ती पुरावा म्हणून. ती सरकारजमा करायची की नाही, हे कोर्ट ठरवतं. गुजरातचा दारूबंदी कायदा म्हणजे आपल्या जुन्या मुंबई राज्याचा 1949 चा कायदा. त्याच्या कलम 99 मध्ये मालकासाठी एक आधार आहे. गुन्हा होऊ नये म्हणून आपण योग्य ती काळजी घेतली होती, हे मालकाने कोर्टाला पटवून दिलं तर गाडी सरकारजमा होत नाही. मात्र हे पटवून देण्याची जबाबदारी मालकाची.

पण खटल्याचा निकाल लागेपर्यंत गाडी कुठे राहणार? सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात सांगितलं, की जप्त वाहनं ठाण्यात वर्षानुवर्षं सडवण्यात अर्थ नाही. पंचनामा करा, फोटो काढा, बंधपत्र व जामीन घ्या आणि गाडी ताब्यात द्या. पुढे गुजरातने कलम 98 कडक केलं. ठरवलेल्या मर्यादेपेक्षा जास्त दारू सापडली तर अंतिम निकालापर्यंत गाडी जामिनावर सोडायची नाही, अशी तरतूद आली. 2017 मध्ये गुजरात उच्च न्यायालयानेही म्हटलं, की अशा प्रकरणात खालच्या कोर्टाचे हात बांधलेले आहेत. उच्च न्यायालय मात्र आपल्या अधिकारात गाडी सोडू शकतं. म्हणून अनेक मालकांना अहमदाबाद गाठावं लागलं. वकिलाची फी, हेलपाटे आणि बुडालेलं भाडं, सगळं अंगावर.

सरकारचीही बाजू आहे. सोडलेली गाडी आठ दिवसांत पुन्हा त्याच धंद्याला लागली तर बंदीला अर्थ उरत नाही. पण सुक्याबरोबर ओलंही जळतं, त्याचं काय? म्हणूनच न्यायालय गाडी सोडताना अटी घालतं : गाडीच्या किमतीइतका जामीन द्या, खटला संपेपर्यंत ती विकू नका, बोलावल्यावर हजर करा, पुन्हा गुन्ह्यात वापरू नका. गाडी मिळते ती फक्त सांभाळायला. खटला चालूच राहतो.

तेव्हा मंडळी, खरी काळजी गाडी पकडल्यावर नव्हे, आधी घ्यायची. आपल्याकडे जुनी गाडी तोंडी व्यवहारात किंवा नुसत्या स्टॅम्पवर घेतात आणि आर.सी. बुक वर्षानुवर्षं पहिल्या मालकाच्याच नावावर राहतं. गाडी अडकली की ताबा मागायला नोंदणीकृत मालक लागतो, आणि तो फोन उचलत नाही! नाव आजच चढवून घ्या, विमा चालू ठेवा. ड्रायव्हरच्या लायसन्सची प्रत घरी ठेवा. माल समोर भरून घ्या आणि काय भरलं, कुठे चाललं, याची चिठ्ठी करून त्यावर ड्रायव्हरची सही घ्या. उद्या 'काळजी घेतली होती' म्हणताना हाच कागद कोर्टात उभा राहील.

गाडी पकडली गेलीच, तर पंचनाम्याची प्रत मिळवा, दारू किती लिटर दाखवली ते पाहा आणि वेळ न घालवता वकील गाठा. जामीनदार कुठला चालेल, तेही त्यालाच विचारा. दलालाला पैसे देऊ नका.

तलाठीभाऊ आणि पोलीस पाटलांनाही विनंती : असा माणूस सातबारा किंवा ऐपतीच्या दाखल्यासाठी आला तर त्याला गुन्हेगार समजून ताटकळत ठेवू नका. त्याची मिरची झाडावर वाळत असते.